हंस थोडा वाढवा

पोलंडच्या सिनेमातली सर्वांत थोर शांतता जन्माला आली तेव्हा मी तिच्यापासून हातभर अंतरावर उभा होतो. हे वाक्य मी पुण्यात बऱ्याच व्यासपीठांवर वापरलं आहे, एका शोकसभेतसुद्धा. प्रत्यक्षात त्या वेळी माझ्या हातात बिनकानाचा चहाचा ग्लास होता, तो चटके देत होता आणि टेकवायला जागा नव्हती. कारण खोलीत जिथे म्हणून सपाट जागा होती तिथे हंस पसरलेला होता.

म्हणजे फिल्मवरचा. तुकड्यातुकड्यांनी.

"उभे काय राहिलात, पान होट?" बोगुमिलाबाई मान वर न करता म्हणाल्या. "हंसाची मान द्या."

"कुठली?"

"वळलेली."

मी ग्लास खिडकीच्या चौकटीवर कसाबसा टेकवला, आकड्यांना लटकणाऱ्या तुकड्यांतून वळलेली मान शोधली आणि दिली. मग ग्लास उचलून चहावर फुंकर मारली. बाईंनी वळून माझ्याकडे पाहिलं आणि, का कोण जाणे, हसल्या. बाई कामाच्या वेळी हसत नसत. मला वाटलं, आपली शर्टाची बटणं चुकली असावीत.

ही गोष्ट सत्तरच्या दशकाच्या अखेरची. गावाचं नाव लिहितात लॉड्झ, म्हणतात वूच. मी सोलापूरचा. सरकारी शिष्यवृत्तीवर फिल्मचं संकलन शिकायला म्हणून परदेशी गेलो, तर उतरलो ते पुन्हा गिरण्यांच्याच गावात. तीच धुराडी, तेच भोंगे, पाळी सुटल्यावर रस्त्यावर तोच लोंढा. फक्त थंडी जास्त आणि शेंगदाण्याची चटणी नाही. वर्षभर भाषा शिकवून त्यांनी मला बोगुमिला झारेम्बा या संकलक बाईंच्या हाताखाली दिलं. होटगीकर या आडनावातलं 'होट' एवढंच त्यांना झेपलं आणि तिकडच्या रीतीप्रमाणे त्याच्या आधी 'पान' लागलं. पान म्हणजे आपलं 'राव', बायकांना 'पानी'. अहो-जाहोच्या बाबतीत ती मंडळी आपल्यापेक्षा कडक. बाई आणि दिग्दर्शक व्हितोल्द रिबाक पंधरा वर्षं एकत्र काम करत होते, भांडणात एकदा कात्री फेकून झाली होती, पण अहोचं अरे कुणी केलं नव्हतं. कात्रीसुद्धा 'घ्या' म्हणून फेकली होती.

तेवढ्यात रिबाकच आले. उंच, खांदे पडलेले, बारमाही सर्दी. त्यांनी टेबलाच्या छोट्या पडद्यावर हंस पाहिला आणि नाक पुसलं.

"पानी झारेम्बा, हा सीन वाईट हवाय."

"वाईटच आहे."

"नाही. याला लय आलीय."

"कुठे?"

"इथे. हंस मॅनेजरकडे बघतो, मग थांबतो, मग चावतो. हे थांबणं काल नव्हतं."

"काल तो बघताक्षणी चावत होता," बाई म्हणाल्या. "हंसाला विचार करायला थोडा वेळ नको?"

"हंसाला विचार नकोय हो! मला हा सीन बेंगरूळ हवाय. लांबलेला. बघणाऱ्याला राग यायला हवा."

"येईल," बाई म्हणाल्या आणि पेपरमिंटची गोळी तोंडात टाकली.

आता हा सीन वाईट का हवा होता, ते सांगतो. तिकडे सिनेमा तयार झाला की आधी सरकारी समितीपुढे लावायचा. समिती बघणार आणि काय काढायचं ते सांगणार. काहीच काढलं नाही तर समिती हवी कशाला, असं वर कुणी विचारेल. म्हणून काहीतरी काढणं त्यांना भाग असे. शहाणे दिग्दर्शक त्यांची सोय करून ठेवत. समितीच्या डोळ्यांत खुपेल असा एक सीन मुद्दाम घालायचा. समितीने तो पकडायचा, दिग्दर्शकाने त्याच्यासाठी गळा काढायचा, शेवटी जड अंतःकरणाने तो सोडायचा; आणि त्या रडारडीत, ज्याच्यासाठी खरा जीव टांगलेला असे तो सीन पार. आपण बाळाला दृष्ट लागू नये म्हणून काजळाची तीट लावतो, तशातलाच प्रकार. बाईंच्या खोलीत मात्र त्याला 'हाड' म्हणत. कुत्र्यापुढे टाकतात ते.

या सिनेमात हाड म्हणजे हंस. गिरणीचा मॅनेजर कामगारांसाठी बांधलेल्या विश्रामगृहाचं तळ्याकाठी उद्घाटन करतो, भाषण लाउडस्पीकरवरून गिरणीभर ऐकवलं जातं, आणि एक हंस मागून येऊन त्याच्या विजारीला चावतो. मॅनेजर माइकसकट तळ्यात पडतो. कुठल्याही समितीने खवळून उठावं असा मजकूर.

आणि ज्याच्यासाठी हे हाड, तो शॉट चमच्यांचा. गिरणीत एक कामगार यंत्राच्या पट्ट्यात सापडून मरतो. साहेब लोक म्हणतात, नशीब. दुसऱ्या दिवशी कॅन्टीनमध्ये सूप वाढलं जातं आणि कामगार चमचे खाली ठेवतात. एवढंच. घोषणा नाही, कुणी बोलत नाही. लांबच लांब टेबलं, वाडग्यांतून चढणारी वाफ, भिंतीवर लाउडस्पीकर, आणि एकामागून एक चमचा लाकडावर टेकतो. बसलेले सगळे खरे कामगार, कॅन्टीनही खरं. संप हा शब्द त्या देशात मोठ्याने म्हणता येत नव्हता. तो इथे नुसता ऐकू येत होता.

रिबाक यांचा आधीचा सिनेमा समितीने फडताळात ठेवला होता, लोकांपुढे येऊच दिला नव्हता. हाही तिथेच गेला तर यापुढे त्यांनी बटाट्याच्या लागवडीवर माहितीपट करावेत, असं त्यांना प्रेमाने सुचवण्यात आलं होतं. बाईंचं वेगळं होतं. बाई कुठल्याही सिनेमात टिकल्या असत्या, बटाट्याच्यासुद्धा. पण एकदा त्या मला म्हणाल्या होत्या, "इतके सिनेमे कापले, पान होट. आईला दाखवावा असा शॉट हा एकच. हा गेला तर माझं नावही काढायला सांगेन."

त्या शॉटबाबत एकच गोष्ट मला कळली नव्हती. शॉटच्या शेवटी टोकाला बसलेला एक म्हातारा मान जरा पुढे करतो आणि ओठांचा चंबू करायला लागतो. बाईंनी बरोबर तिथे कापलं होतं. आमच्याकडे कापलेला प्रत्येक तुकडा आकड्याला लटकवायचा हा नियम; बाईंनी स्वतःच घातलेला. हा तुकडा मात्र त्यांनी ॲप्रनच्या खिशात घातला.

"पुढे काय आहे?" मी विचारलं होतं.

"पुढे तो बिघडवतो."

"म्हणजे करतो काय?"

"तुमच्या देशात पाहुणे स्वयंपाकघरात येऊन असं विचारतात?"

आमच्या देशात पाहुणे स्वयंपाकघरातच येऊन बसतात. मी तर्क करत बसलो. शिट्टी वाजवणार असेल, हसणार असेल, थुंकणार असेल. मी रात्री झोपेतसुद्धा त्या म्हाताऱ्याचे ओठ बघत असे.

समितीच्या दिवशी संकलकाला आत प्रवेश नसे. मी आणि बाई प्रोजेक्टरच्या खोलीत थांबलो. तिथे भिंतीत एक काचेची खिडकी होती, पण बाईंची उंची पुरेना आणि रिळांच्या डब्यांवर चढायला त्या तयार होईनात. तेव्हा मी बघायचं आणि त्यांना सांगायचं असं ठरलं. खाली समितीचे अध्यक्ष कुलेशा मधोमध बसले होते. खेड्यातून वर चढलेला जाडजूड माणूस, पुढ्यात बिस्किटांची बशी. बाकीच्यांची नजर पडद्यावर कमी आणि कुलेशांच्या मानेवर जास्त.

"चमचे सुरू झाले," मी म्हणालो.

"कुलेशा?"

"बिस्कीट खाताहेत."

बाई थोडं थांबल्या. "अजून?"

"दुसरं घेतलं."

बाईंनी पेपरमिंट कडकन चावली. मग बराच वेळ काही घडलं नाही. मग हंस आला.

"कुलेशांचे खांदे हलताहेत," मी म्हणालो.

"रागाने?"

"डोळे पुसताहेत."

"रडताहेत?"

"हसताहेत, बाई. आता सगळेच हसताहेत."

"कुठे? नेमकं कुठे हसले?"

"हंस थांबतो तिथे."

बाई रिळांच्या डब्यावर खाली बसल्या. त्यांच्या चेहऱ्यावर घोर संकट होतं आणि त्याच्या एका कोपऱ्यात, मी शपथेवर सांगतो, समाधान होतं. वाईट कापायचं म्हणून बसल्या होत्या. हात शिवशिवले होते. उत्तम सुगरणीला मुद्दाम खारट कर म्हटलं तर ती मीठ जास्त घालते, पण फोडणी चांगलीच देते.

दिवे लागल्यावर कुलेशा बोलले ते खिडकीतून नीट ऐकू आलं.

"पान रिबाक, हंस उत्तम. आमच्या जिल्ह्यात अगदी असाच एक मॅनेजर होता."

"होता?" रिबाक यांचा आवाज बसला होता.

"आता नाही. तर हंस थोडा वाढवा. लोकांना आवडेल. आणि ते कॅन्टीनचं काढा."

"साहेब, माझं मत उलट आहे. हंस मलाच जरा अति वाटतो. तो काढू या आणि..."

"छे, छे. हंस राहू द्या. कॅन्टीनमध्ये काही घडतच नाही. काही घडत नसलं की प्रेक्षक विचार करायला लागतात."

समितीने हाड गिळलं होतं आणि वर आणखी मागितलं होतं. अशी वेळ कुणावर आल्याचं कुणाच्या ऐकिवात नव्हतं, त्यामुळे काय करायचं याची रीतही नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी रिबाक टेबलापाशी डोकं धरून बसले.

"वाढवा म्हणे. हंसाचं आणखी काय शिल्लक आहे?"

"काही नाही," बाई म्हणाल्या. "होतं ते सगळं घातलं. तुम्हालाच लांबलेला हवा होता ना."

"मग पुन्हा शूट करू."

"तळं गोठलंय," मी म्हणालो.

"फक्त हंसाचे क्लोजअप घेऊ. त्याला तळं कशाला?"

बाईंनी चष्मा काढला. "पान रिबाक, हंस कुठे आहे?"

रिबाक यांनी नाक पुसायला काढलेला रुमाल तसाच धरला. शूटिंगच्या शेवटच्या दिवशी युनिटने हंस भाजला होता. मांसाच्या दुकानापुढे अर्धं गाव रांगा लावून रिकाम्या हाताने परतायचं, असे ते दिवस. हंसाला निरोप देऊन सोडून देण्याएवढं मन कुणाचंच मोठं नव्हतं. आपल्याकडे हंस दूध आणि पाणी वेगळं करतो. तिकडे त्याच्या पोटात सफरचंदं भरतात.

"तंगडी तर मलाच दिली होती," रिबाक हळूच म्हणाले.

"दुसरा हंस आणू," मी म्हणालो.

"दुसऱ्याची मान वेगळी असेल," बाई म्हणाल्या. "मी त्या हंसाबरोबर महिना काढलाय. चालणार नाही."

रिबाक बटाट्यांचा विचार करत असावेत. बाईंनी पांढरे सुती हातमोजे चढवले. उजव्या मोज्याची तर्जनी त्यांनी कापून टाकली होती. फिल्मची कड बोटाला लागल्याशिवाय त्यांना दिसत नसे.

"कुलेशा नक्की काय म्हणाले?" त्यांनी मला विचारलं.

"हंस थोडा वाढवा."

"कशाने वाढवा, ते सांगितलं?"

"नाही."

"आणि कॅन्टीनचा सीन काढा."

"हो."

"काढला." बाईंनी चमच्यांचा शॉट होता तिथून उचलला आणि टेबलावर हंसाच्या शेजारी ठेवला. "आता तो सीन नाही. आता ही नुसती शिल्लक फिल्म आहे. पान रिबाक, मॅनेजर तळ्यात पडतो तेव्हा भाषण लाउडस्पीकरवरून कुठे ऐकू येत असतं?"

"गिरणीभर."

"आणि कॅन्टीनच्या भिंतीवर काय टांगलंय?"

रिबाक यांनी बाईंकडे पाहिलं. मग खुर्ची मागे सारली. बाईंच्या हातात काही देण्यासाठी ते स्वतः उठल्याचं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. त्यांनी वळलेली मान आणून दिली.

झालं ते असं. मॅनेजरचं भाषण चालू. हंस येतो, बघतो, थांबतो, चावतो. मॅनेजर पडतो. लगेच कॅन्टीन. भिंतीवरच्या लाउडस्पीकरमधून बुडबुडे ऐकू येतात, मग खरखर, मग काहीच नाही. आणि त्या काहीच नाहीमध्ये चमचे. एक. आणखी एक. ओळीने. मग म्हाताऱ्याचा चंबू होण्याआधी पुन्हा तळं, पुन्हा हंस, पंख झटकतोय.

"पण लोक आधी हसत असतील," रिबाक म्हणाले. "हसण्यात हे वाहून जाईल."

"हसणाऱ्याचं तोंड उघडं असतं," बाई म्हणाल्या. "त्यात घास घालायला सोपं."

समिती पुन्हा बसली. मी पुन्हा खिडकीशी. या वेळी बाई मुकाट्याने डब्यावर चढल्या आणि माझा खांदा धरून उभ्या राहिल्या.

हंस थांबला तेव्हा कुलेशा मागच्यापेक्षा जास्त हसले. काय येणार हे त्यांना ठाऊक होतं आणि ठाऊक असलेल्या गोष्टीला हसण्यात जोखीम नसते. मॅनेजर पडला. बुडबुडे आले. हशा आणखी वाढला. मग लाउडस्पीकर बंद पडला. हसत हसत सगळ्यांनी कॅन्टीनकडे पाहिलं आणि कॅन्टीनने त्यांच्याकडे. पहिला चमचा टेकला त्याचा आवाज मी खिडकीपलीकडून ऐकला. हशा एका बाजूने विझत गेला, जसे सभागृहातले दिवे विझवतात. कुलेशांच्या हातात अर्धं बिस्कीट होतं. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि ते बशीत ठेवलं.

बाईंची बोटं माझ्या खांद्यात रुतली होती.

मग हंस आला आणि सगळ्यांनी सुटकेचा श्वास टाकून पुन्हा हसून घेतलं. दिवे लागले. बाकीचे कुलेशांच्या मानेकडे बघत होते.

"पाहिलंत?" अखेर ते म्हणाले. "मी सांगितलं होतं. वाढवल्यावर केवढा उठाव आला."

सिनेमा लागला. वूचमध्ये पहिल्या आठवड्यात मी तो गिरणी कामगारांमध्ये बसून पाहिला. ते गडगडाट करून हसले आणि मग असे गप्प झाले की मागच्या रांगेत कुणीतरी खिशातून काढलेला चॉकलेटचा कागद उलगडायचा थांबला. थोड्याच काळात त्या देशात खऱ्या गिरण्यांत खरी कामं खरोखर थांबली. ते सिनेमामुळे झालं असं कुणी म्हटलं नाही. पण नाही असंही सिनेमावाल्यांनी कधी म्हटलं नाही. रिबाक यांना परदेशांत बोलावणी आली. ते मुलाखतींत सांगत, की त्या दिवशी आपण कामगारांना मेलेल्या माणसाची हकिगत ऐकवली, आणि तिसऱ्या टेकच्या वेळी त्यांच्या हातांतून चमचे आपोआप खाली आले. एका समीक्षकाने वाडग्यांतल्या वाफेला राष्ट्राचा कोंडलेला श्वास म्हटलं. मी पुण्यात परतल्यावर ते भाषांतर करून वापरलं.

बाईंना त्यानंतर सगळे विनोदी सिनेमेच मिळाले. धंद्यात त्यांचं नाव 'हंसाच्या बाई' पडलं. उरलेली सगळी कारकीर्द त्यांनी लोक पायऱ्यांवरून घसरण्याचं टायमिंग जमवण्यात घालवली.

पुष्कळ वर्षांनी, तिकडची राजवट बदलल्यावर, एका महोत्सवाच्या निमित्ताने मी वूचला गेलो आणि त्यांच्या घरी पोचलो. त्या आणखी बुटक्या झाल्या होत्या. चष्मा तोच, पेपरमिंट तीच.

"पान होट, जाड झालात," त्या म्हणाल्या आणि बिनकानाच्या ग्लासात चहा ओतला.

इकडचं तिकडचं झालं. रिबाक वारले होते. मी बाईंना सांगितलं, की माझे विद्यार्थी तो शॉट अजून पुन्हा पुन्हा बघतात. तशा चेहऱ्यांचे नट जगात मिळणार नाहीत असं त्यांचं मत आहे.

"आईला दाखवलात का?" मी विचारलं.

"दाखवला. ती हंसाला हसली."

मग मी म्हणालो, "बाई, आता मी पाहुणा नाही. तो म्हातारा पुढे काय करतो?"

त्यांनी चहा माझ्यापुढे सरकवला. मी ग्लास उचलला. तो चटके देत होता, म्हणून मी फुंकर मारली. बाई अगदी तशाच हसल्या, जशा त्या दिवशी हसल्या होत्या.

"हेच," त्या म्हणाल्या.

मी ग्लास खाली ठेवला.

"रिबाक यांचे सगळे टेक टाकाऊ होते," बाई म्हणाल्या. "त्यांची ती हकिगत ऐकून कामगार नाटकातल्यासारखे चमचे आपटत होते. मी वापरला तो तुकडा रिळाच्या सुरुवातीचा, क्लॅपची पाटी वाजायच्या आधीचा. कॅमेरामन उजेड तपासत होता. कुणाला माहीत नव्हतं कॅमेरा चालू आहे."

"आणि रिबाक? त्यांना कधी कळलं नाही?"

"दिग्दर्शकाला सगळं आठवतं. जे झालं तेवढं सोडून."

"पण मग त्यांनी चमचे खाली का ठेवले?"

बाईंनी माझ्या ग्लासाकडे बोट दाखवलं.

"सूप फार गरम होतं."